हरण्याची चाकरी

बुद्धिबळाचा डाव संपला. सरकारांनी माझा राजा दोन बोटांत धरून उचलला, नाकाजवळ नेला आणि लोडाला टेकलेल्या पाहुण्यांपुढं केला. म्हणाले, "घ्या, वास घ्या. जळक्या खुराचा हाय."

पाहुणे हसले. नोकर ओलं फडकं घेऊन आला आणि मी शिवलेली मोहरी एकेक करून पुसू लागला. मोहरी हस्तिदंती. सरकार गादीवर, मी समोर चटईवर उकिडवा. मीही हसलो. सगळ्यात मोठ्यांदा मीच हसलो. हे सांगायची लाज वाटते, म्हणून ते आधीच सांगून टाकलं.

वास खराच होता म्हणा. आम्ही नालबंद. सरकारांच्या पागेत घोड्यांना नाल ठोकणारे. तापलेली नाल खुरावर टेकवली की जो धूर निघतो तो कातड्यात मुरतो. रंकाळ्यात दिवसभर डुंबलं तरी जात नाही. एका घोड्याचं काम संपून दुसरा येईपर्यंत अब्बांनी मला बुद्धिबळ शिकवलं. पट जमिनीवर कोळशानं आखलेला. मोहरी म्हणजे वाकडे खिळे, फुटक्या नाली आणि खडे. मिसरूड फुटायच्या आत मी पागेतल्या सगळ्यांना हरवलं होतं.

काळ महाराजांचा. महाराजांना कुस्तीचा नाद, म्हणून कोल्हापुरात पैलवान आला की लोक वाट सोडायचे. बुद्धिबळवाल्याला कोण विचारतो? पण आमच्या सरकारांना बुद्धिबळात नाव काढायचं होतं. शाहूवाडीकडं जहागीर, दाराशी घोडे, सगळं होतं. फक्त खेळ येत नव्हता. एक दिवस त्यांचा कारकून पागेत आला आणि मला म्हणाला, "उद्यापासून सरकारांशी खेळायचं. आणि हरायचं. रोज. कळलं?"

"व्हय," म्हणालो. नाल ठोकण्यापेक्षा हलकं काम, असं वाटलं.

पहिल्याच दिवशी माती खाल्ली. बाराव्या खेळीला हरून मोकळा झालो. सरकार तणतणत उठून गेले. कारकुनानं मला जिन्याखाली नेऊन झापलं, "गाढवा, इतक्या झटक्यात कोण हरतं? त्यांना घाम तरी फुटू दे!"

मग मी शिकलो. आधी सरकारांचा वजीर कोंडायचा. त्यांच्या कपाळावर घाम आला की आपला एक घोडा विसरल्यासारखा उघडा टाकायचा. त्यांनी तो मारला की डोक्याला हात लावायचा. हात तर मी असा लावायचो की एकदा एका पाहुण्याला माझी दया आली, त्यानं विडा दिला. मला त्याचा अभिमान वाटला हो! कारकून सगळ्या डावांच्या खेळ्या लिहून ठेवायचा, सरकारांना पुस्तक छापायचं होतं. प्रत्येक डावाखाली माझं नाव, हरलेला म्हणून. आपलं नाव छापून येणार, याचाच मला आनंद. अशी सात वर्षं काढली.

आणि एका ईदच्या दुपारी अब्बा म्हणाले, "मांड पट." कित्येक वर्षांत आम्ही खेळलो नव्हतो. त्यांची नजर आता अधू झालेली. मी जीव लावून खेळलो. वजीर कोंडला. आता दोन खेळ्यांत संपवतो म्हणेपर्यंत माझ्या हातानं घोडा उघडा टाकला. हातानंच. मला कळलंसुद्धा नाही. अब्बांनी तो मारला, डाव फिरला, मी हरलो.

अब्बांनी पट पायानं पुसून टाकला. "मुद्दाम हारलास? माझ्यासंगं?"

"खुदाकसम अब्बा, मुद्दाम न्हाई."

त्यांनी पायाला लागलेला कोळसा झटकला. म्हणाले, "मग तर लईच वाईट झालं की रं."

मला खेळ येतो की नाही, तेच आता मला ठाऊक नव्हतं.

पुढच्याच महिन्यात मिरजेहून एक नावाजलेले खेळाडू सरकारांकडं पाहुणे आले. चांगला खेळणारा दिसला की ते त्याला बरोबर घेऊन गावोगाव सामने करतात, असं ऐकून होतो. कारकून माझ्या कानाशी लागला, "आज झुंजून हर बरं का. पाहुणे जाणकार आहेत."

बसलो. सरकारांचा वजीर कोंडला. त्यांच्या कपाळावर घाम आला आणि माझा उजवा हात सवयीनं घोड्याकडं निघाला. मी तो मांडीखाली दाबला. त्याच्यावर बसलोच म्हणा. पुढचा सगळा डाव डाव्या हातानं खेळलो. सरकार आधी हसले, मग पटावर वाकले. शेवटी मी एक प्यादं पुढं सरकवलं.

मात. तीही प्याद्याची. आमच्या खेळात याहून मोठी नामुष्की नाही.

"जिंकायला कुणी सांगितलं तुला?" सरकारांनी विचारलं.

"कुणी न्हाई, सरकार."

मिरजेचे पाहुणे छताकडं बघत म्हणाले, "उकाडा फार आहे आज." कारकुनानं वहीतला कागद फाडला, चुरगळला, खिशात घातला. हसलं कुणीच नाही. माझं येडेपण बघा, मला वाटलं होतं पाहुणे उठून पाठ थोपटतील. टांग्यापर्यंत त्यांच्या मागं धावलो. "पाव्हणं, बघितलासा न्हवं?"

"बघितलं," ते म्हणाले. "चांगला खेळलास. पण ज्याच्या घरी जेवलो, तो हरल्याची गोष्ट मी बाहेर सांगत नाही."

टांगा गेला.

दुसऱ्या दिवशी पागा सुटली. माझी आणि अब्बांचीही. अब्बांनी मला शाबासकी दिली नाही. "पागा गेली," एवढंच म्हणाले. हातकणंगल्याच्या वाटेवर भाता मांडून आम्ही बैलांच्या खुरांना पत्र्या ठोकू लागलो. दुसऱ्या पावसाळ्यात अब्बा गेले.

बैल घेऊन येणाऱ्या एका मास्तरांकडून मी अक्षरं शिकलो. तोवर सरकारांचं पुस्तक छापून आलं होतं. जन्मात पहिल्यांदा वाचलेलं पुस्तक ते. प्रत्येक डावाखाली माझं नाव, प्रत्येक डावात मी हरलेला. तो एक डाव त्यात नाही. कुठंच नाही.

मग एक दिवस कारकून भात्याशी येऊन उभा राहिला. "मुंबईचे साहेब यायचेत. सरकार म्हणतात, झालं गेलं विसरू. चटई नको, गादी देतो. तुझ्यासारखा हरणारा मिळत नाही रे. बाकीच्यांचं लगेच कळतं."

त्या वेळी घरात पीठ नव्हतं. खोटं कशाला सांगू, गादी क्षणभर डोळ्यांपुढं आली.

"खेळाय येतो की," म्हणालो. "पर मुद्दाम हारणार न्हाई. हारवायचं आसंल तर सरकारांनी हारवावं."

"उपाशी मरशील."

"मरीन."

तो गेला. परत कुणी आलं नाही.

हात अजून दगा देतो, घोडा उघडा टाकतो. गाडीवानांशी खेळतो आणि दहातले सात डाव घालवतो. ते हसतात. मी हसत नाही. तो घोडा पुन्हा कधी आवरेल असं वाटत नाही, आणि आवरला तरी बघायला कोण येणार आहे? पण इथून पुढं माझी हार मी कुणाला नजराणा म्हणून देणार नाही. ज्याला पाहिजे त्यानं समोर बसावं, घाम गाळावा आणि ती माझ्याकडून हिसकून न्यावी.