उंबऱ्यावरचा हात

भाचा मद्रासहून आला तो कॅमेरा घेऊनच. विलायतेला परत निघालेल्या कुणा साहेबाकडून त्याने तो विकत घेतला होता. म्हणाला, "आत्या, सिनेमा काढतोय. गोष्ट नाही, गाणं नाही, नुसतं हलणं. रथाचं चाक, कावेरीचं पाणी आणि उंबऱ्यापुढे कोलम घालणारा हात." कोलम म्हणजे आमच्या कुंभकोणातली पिठाची रांगोळी.

"अरे, हे बघायला कोण येणार?" मी म्हटलं. पण हाताचं ऐकून माझे कान टवकारले होते. घरचा कोलम वहिनी घालायची, पण तिच्या रेघा म्हणजे आनंदीआनंद! माझा हात लग्नाआधी अख्ख्या अग्रहारात, आमच्या ब्राह्मणआळीत, नावाजलेला. विसाव्या वर्षी नवरा गेला, दादाच्या घरी परत आले आणि पिठाचा डबा माझ्यापासून लांब ठेवला गेला. विधवेने उंबऱ्यापुढे कोलम घालायचा नसतो.

"हात माझाच," मी सांगून टाकलं.

दादा भडकला. "मागे परसात घाल हवं तर!"

"उंबऱ्यापुढे, नाहीतर मुळीच नाही."

दोन दिवस मी हटले नाही. शेवटी त्याने अट घातली: भरदुपारी, गल्ली झोपलेली असताना, आणि तोंड दिसता कामा नये.

घातला. पाठ उन्हात भाजत होती, पण एक रेघ थरथरली नाही. इतका आनंद मला कित्येक वर्षांत झाला नव्हता.

महिन्याभराने घरातच पांढरं धोतर टांगून सिनेमा दाखवला. शेजारीपाजारी जमले. मी बायकांच्याही मागे, दाराशी. चाक आलं, पाणी आलं, मग माझा हात. पण हे काय? भाच्याने माझा हात टिपताना कॅमेऱ्याचा दांडा उलटा फिरवला होता. भरलेला कोलम रेघ रेघ करत माझ्या चिमटीत परत शिरत होता. शेवटचा ठिपकाही गेला, उंबऱ्यापुढची जागा कोरी झाली.

"हे प्रतीक आहे," भाचा सांगत होता, "सगळं जिथून आलं तिथेच परत जातं."

मेल्याचं प्रतीक! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पुन्हा माझ्या हातचं काढून घेतलं होतं.

समोरच्या मामींनी विचारलं, "काय हात आहे हो! कुणाचा?"

दादा चटकन म्हणाला, "पट्टीश्वरम गावची एक सुवासीण बोलावली होती."

मी उठून उभी राहिले. "हात माझा आहे. आणि उद्यापासून रोज इथे मीच कोलम घालणार. ज्यांना ओलांडायचा नसेल त्यांनी मागच्या दाराने यावं."

पंधरा दिवस दादा मागच्या दाराने गेला. मी एक दिवसही चुकवला नाही.