माहुताच्या शेजारची सीट

सुनंदावहिनींचा फोन आला तेव्हा मी डबा भरत होते. "अगं, हे गेले..." एवढंच म्हणून त्या थांबल्या. अशा वेळी कुणीही शहाणं माणूस 'कधी', 'कसे' असं विचारतं. मी विचारलं, "गाडीत नव्हते ना?" पलीकडचं रडणं क्षणभर थबकलं. मग त्या म्हणाल्या, "नाही गं. झोपेतच. कुशीवर होते." तेव्हा कुठं मला ओट्याला टेकून रडता आलं. याला आता महिना होत आला. माझ्या त्या प्रश्नाचा अर्थ कळणारी अख्ख्या दुबईत तीनच माणसं होती... त्यातलं एक आता गेलं.

जयंतराव आमच्या कारखान्यात प्लॅनिंगला होते, मी क्वालिटीत. कारखाना दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमध्ये आणि घरं दोघांचीही बर दुबईत, एका गल्लीच्या अंतरावर. त्यांच्या जुन्या गाडीतून आम्ही वर्षानुवर्षं एकत्र गेलो. पुढं ते, इथं स्टिअरिंग डावीकडं म्हणून त्यांच्या उजव्या हाताला मी, आणि मागं स्टोअरमधला शाजी. तो मूळचा केरळचा, आणि सीटबेल्ट लावला रे लावला की घोरायला लागायचा. लायसन्स फक्त जयंतरावांकडं. मी रोड टेस्टला इतक्यांदा नापास झाले होते की परीक्षक मला बघून आधी पाणी प्यायचे. मुळात मी घाबरट. हायवेवर शेजारून ट्रेलर गेला तरी माझे पाय आपोआप नसलेला ब्रेक दाबायचे, आणि जयंतराव मिशीतल्या मिशीत हसायचे.

ते कादंबरी लिहीत होते असं म्हणणं धाडसाचं होईल. ते ती सांगत होते, रोज सकाळी, स्टिअरिंगवर बोटांनी ताल धरत. विषय रोम आणि कार्थेजच्या युद्धांचा. आफ्रिकेच्या किनाऱ्यावरचं ते व्यापाऱ्यांचं शहर, समुद्रापलीकडचं रोम, पिढ्यान्‌पिढ्या चाललेलं वैर आणि शेवटी रोमनांनी जाळून टाकलेलं कार्थेज... प्लॅनिंगचा एक्सेल भरणाऱ्या माणसाला हे वेड कुठून लागलं, देव जाणे. बरं, त्यांचा नायक सेनापती नव्हताच. तो होता भिवा नावाचा एक माहूत. "जुन्या इतिहासकारांनी कार्थेजच्या माहुतांना सरसकट 'हिंदी' म्हटलंय, ठाऊक आहे? म्हणजे बघा वैदेही, दोन हजार वर्षांपूर्वीसुद्धा परक्याच्या लढाईत राबायला आपलीच माणसं! त्यांच्या व्हिसाचा स्पॉन्सर कोण होता कोण जाणे." भिवाच्या हत्तीचं नाव भोळा. भिवा शूर नव्हता. रणशिंग वाजलं की तो भोळ्याच्या कानामागं तोंड खुपसून बसायचा. मला तो फार आवडायचा, हे सांगायला नकोच.

सांगताना थांबायची जयंतरावांना भारी हौस. "आणि धुरळ्यातून भिवाला दिसलं..." की थांबलेच. सिग्नल यायचा, टोलचं गेट जायचं, मी चिडून म्हणायची, "अहो, काय दिसलं?" एकदा असेच ते थांबले. मी वाट बघत राहिले. गाडी सावकाश उजवीकडं, मालट्रकांच्या लेनकडं सरकत होती. मला वाटलं, लेन बदलताहेत. मग ट्रकचं चाक माझ्या खिडकीच्या काचेत भरलं. मी किंचाळले. जयंतराव दचकले, गाडी आत घेतली आणि म्हणाले, "...रोमनांच्या घोडदळाची रांग." वाक्य जिथं तुटलं होतं तिथूनच त्यांनी पुढं जोडलं. मधलं त्यांना काही ठाऊकच नव्हतं.

त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत, गेटबाहेरच्या कॅफेटेरियात, करक चहाचा पेला हातात गरगर फिरवत त्यांनी सांगितलं. घरीही दोनदा असं झालं होतं. डोळे उघडे, माणूस नाही. मेंदूच्या डॉक्टरची तारीख मिळायची होती. तोवर ऑफिसला कळता कामा नये. कॉन्ट्रॅक्ट रिन्यूअलला आलेलं, मुलाचं पुण्यात इंजिनिअरिंगचं शेवटचं वर्ष. "या वयात एचआरला भोवळ कळली की खलास. मग दुसरी नोकरी कोण देणार? तारीख मिळाली की मी आपणहून थांबतो." मी म्हटलं, तोवर मेट्रोने जाऊ, टॅक्सीने जाऊ. ते म्हणाले, "आणि लोकांनी विचारलं, गाडी का सोडली, तर?" मग आवाज खाली आणून त्यांनी मला भिवाची एक गोष्ट सांगितली, आजवर न सांगितलेली. कार्थेजच्या माहुतांना अंकुशाबरोबर एक छिन्नी आणि हातोडी दिलेली असायची. हत्ती बिथरून आपल्याच माणसांत घुसला, तर त्याच्या दोन्ही कानांच्या मधोमध, मान जिथं डोक्याला जुळते तिथं छिन्नी ठेवायची आणि घाव घालायचा. ज्याला लहानपणापासून चारलं त्यालाच. "ती छिन्नी तुमच्याकडं," ते म्हणाले. संध्याकाळी कारखान्याच्या रिकाम्या पार्किंगमध्ये त्यांनी मला शिकवलं. आधी गिअर न्यूट्रलवर. मग हँडब्रेक हळूहळू, झटका अजिबात नाही. दुसऱ्या हाताने स्टिअरिंग.

लोक म्हणतील, ही बया गाडीत बसलीच कशाला? मीही स्वतःला तेच विचारत होते. पण मी नाही बसले तर ते थांबणार नव्हते, फक्त त्या सीटवर कुणी नसतं. आणि मागं शाजी, दोन लेकरांचा बाप, तोंड उघडं टाकून झोपलेला. मग मी रोज देवाचं नाव घेऊन बसायची आणि डावा हात हँडब्रेकवर ठेवायची. त्यांनी गोष्ट सांगणं सोडलं नाही. उलट मीच सोडू दिलं नाही, कारण बोलत होते तोवर ते गाडीत होते.  पण थांबण्याची जी जागा मला पूर्वी गोष्टीतली गंमत वाटायची, तिथं मला मरण दिसायला लागलं. ते थांबले की मी विचारायची, "जयंतराव, आहात ना?" ते म्हणायचे, "आहे, आहे. पुढं ऐका." रात्री नवरा बोलता बोलता थांबला तरी मी उठून बसायची.

मग ती धुक्याची सकाळ आली. इथलं हिवाळ्यातलं धुकं ज्यांनी पाहिलंय त्यांना सांगायला नको. पुढच्या गाडीचे लाल दिवे तेवढे दिसतात, आणि मग तेही नाही. जयंतराव अगदी कडेच्या लेनने, हळू चालले होते. गोष्टीत भोळा बिथरला होता. भाले लागून, आगीला भिऊन तो उलटा फिरला होता आणि समोर कार्थेजचीच पोरं होती. "भिवाने कमरेची छिन्नी काढली. भोळ्याच्या कानामागं हात फिरवला. आणि..." ते थांबले. मी विचारलं, "आहात ना?" उत्तर नाही. मी वळून पाहिलं. डोळे उघडे होते, पापणी लवत नव्हती. गाडीचा वेग वाढत होता.

मला त्यानंतरचं नीट आठवत नाही, माझ्या हाताला आठवतं. गिअर. ब्रेक, हळू, हळू. उजवा हात आडवा टाकून स्टिअरिंग. गाडी पिवळी रेघ ओलांडून कडेला घासत थांबली आणि धुक्यातून एक ट्रेलर भोंगा वाजवत शेजारून गेला, इतका जवळून की आरसा थरथरला. शाजी ओरडला, "क्या हुआ? क्या हुआ मॅडम?" जयंतराव शांतपणे म्हणाले, "...आणि त्याचा हात उचलेना." मी किल्ली काढून मुठीत धरली. "खलास, जयंतराव." आम्ही तिघं कठड्याच्या पलीकडं जाऊन उभे राहिलो. समोर काहीच दिसत नव्हतं, नुसते चाकांचे आवाज येत होते आणि जात होते.  जयंतराव किल्लीकडं बघत होते, माझ्याकडं नाही.

त्याच संध्याकाळी मी सुनंदावहिनींच्या हातात किल्ली दिली आणि सगळं सांगितलं. पुढं ते भीत होते तसंच झालं. ऑफिसला कळलं, रिन्यूअल झालं नाही. वहिनी शाळेत शिकवतात, त्यांच्या व्हिसावर ते आले. ज्याला ते आभाळ कोसळणं म्हणत होते ते कोसळलं, आणि त्याच्याखालून जयंतराव मीना बझारातली कोथिंबिरीची जुडी घेऊन चालत आले. डॉक्टरची तारीख मिळाली, औषध लागू पडलं. मुलाला पुण्यात नोकरी लागली. माझ्याशी मात्र ते कितीतरी महिने बोलले नाहीत. गल्लीत दिसले की पलीकडच्या फुटपाथला जायचे. मला त्याचं फार लागलं, पण जिवंत माणसाचा अबोला आहे, असं मी मनाला सांगायची.

शेवटची भेट त्यांनीच ठरवली. "अब्रात बसू," असा फोन. होडीच्या फळीवर माझ्या शेजारी बसून, खाडीचं पाणी बघत ते म्हणाले, "भिवाचं तिथंच अडलंय. त्या सकाळपासून. मला एक सांगा, ब्रेक ओढताना तुम्हाला काय वाटलं?" मी म्हटलं, "भीती." "माझ्या रागाची?" "नाही हो. उशीर होण्याची." त्यांनी मान हलवली. बराच वेळ हलवत राहिले. मी विचारलं, "मग भिवा छिन्नी मारतो का नाही?" ते म्हणाले, "त्याचं असं आहे..." आणि थांबले. इंजिनाची फटफट तेवढी ऐकू येत होती. माझा हात फळीवर काहीतरी शोधायला लागला. "जयंतराव, आहात ना?" ते खळखळून हसले. कितीतरी दिवसांनी. "आहे, आहे. पुढचं पुढच्या वेळी."

वहिनी आता पुण्याला परत जाताहेत. गाडी त्यांनी आम्हाला दिली, ऐकलंच नाही. माझी लेक मुक्ता पहिल्या फटक्यात टेस्ट पास झालेली, ती चालवते. परवा ती मला तिच्या कॉलेजची काहीतरी गंमत सांगत होती, हायवेला लागताना मागच्या गाड्या बघायला आरशात पाहिलं आणि बोलायची थांबली. माझा डावा हात हँडब्रेकवर गेला. मुठीवरचं काळं रबर एका जागी गुळगुळीत झालंय, ते माझ्याच बोटांनी. "मुक्ता, आहेस ना?"

"आई, व्हेअर एल्स वुड आय बी?" ती म्हणाली.

 घर येईपर्यंत मी हात काढला नाही.