ओइवाचं पांढरं रीळ

हेलसिंकीच्या त्या स्टुडिओत कॉफीच्या आधी बातमी पोचायची. १९५३च्या मार्चातली बातमी अशी: कॅमेरामन ओइवा काल्लासने लॅपलंडचं रीळ मुद्दाम नासवलं. का? तर नटी मिर्याने त्याला लग्नाला नकार दिला म्हणून. रंगभूषा करणारी हिल्क्का हे सांगताना आवाज इतका खाली आणायची, की शेजारच्या तीनच टेबलांना ऐकू जावं.

आता खरं तर ओइवाला प्रेमात पडायला सवड कुठली? तेरा वर्षं तो गवताच्या गंजी टिपत होता. उन्हाळा लागला की स्टुडिओचं बिऱ्हाड खेड्यात. गंजीवर नटी, खाली दाताळं घेतलेला नट, वर पांढरे ढग. प्रेक्षक खूश, मालक नुर्मेला खूश. ओइवा मात्र काळ्या पावाचा घास चावताना दातओठ खायचा. त्याला पडद्यावर एकच गोष्ट आणायची होती: ऐन हिवाळ्यात उत्तरेला लॅपलंडात दुपारी जेमतेम दोन तास येणारा निळा उजेड.

"मालक, एक सीन. फक्त एक."

"अंधार बघायला लोक तिकीट काढतील? घरी फुकट मिळतो की तो!"

"त्यात मिर्या दिसेल."

"नाकडोळ्यांसकट?"

"सावली दिसेल."

"सावलीला मी मानधन देत नाही, ओइवा."

दर वर्षी हेच. शेवटी कंटाळून नुर्मेलाने एक दिवस आणि एक रीळ दिलं. "हे फसलं तर मरेपर्यंत गवत, काय?" म्हणत तो स्वतःच हसला. ओइवाला हसू आलं नाही.

जानेवारीत ओइवा, मिर्या आणि बाकी मंडळी उत्तरेला सायमीबाईंच्या शेतघरात उतरली. पारा शून्याखाली पस्तीस. ओइवाने कॅमेरा रेनडियरच्या कातड्यात गुंडाळून बाहेर घसरगाडीवरच ठेवला. गारठलेला कॅमेरा उबेत आणला की त्याला आतून घाम फुटतो, आणि परत थंडीत नेला की त्याच घामाचा बर्फ होतो.

"बाहेर? या थंडीत?" सायमीबाईंनी विचारलं.

"बाहेरच. कुणी हात लावायचा नाही."

"बरं बाबा. तुमचं शहाणपण तुमच्यापाशी."

तो शनिवार होता, आठवड्याच्या सॉनाचा दिवस; वाफेची खोली तापली होती. यजमानाचा सॉना नाकारणं म्हणजे वाढलेलं ताट सरकवणं. ओइवाला कॅमेऱ्यापासून हलायचं नव्हतं, तरी कुरकुरत गेला. सायमीबाईंच्या नवऱ्याशेजारी बसून दीड तास घामाघूम झाला. दुसऱ्या दिवशी उजेड आला, हवा तसाच. भिंग बाहेरून पुसून ओइवाने यंत्र चालू केलं. गोठलेल्या तळ्यावरून मिर्या चालत गेली. कॅमेऱ्याला बाजूला बसवलेल्या, भिंगाशी संबंध नसलेल्या बघायच्या चौकटीतून सगळं स्वच्छ दिसत होतं. तेरा वर्षांत पहिल्यांदाच गडी शीळ घालत परतला.

हेलसिंकीत रीळ धुऊन पडद्यावर लावलं. पांढरं धुकं, आणि त्यात मिर्याच्या जागी एक डाग.

"हीच का ती सावली?" नुर्मेला म्हणाला.

"भिंगाच्या आतल्या बाजूला बर्फ होता."

"कॅमेरा आत नेला होतास?"

"नाही."

"मग बर्फ काय चालत आला? जूनमध्ये गवत!"

ओइवाने कॅमेरा तीनदा खोलला, एकेक स्क्रू मोजला, स्वतःला शिव्या घातल्या. हिल्क्काची कहाणी कानावर आली तेव्हा त्याने ती खोडलीही नाही. नकार मिळालेल्या माणसाला लोक निदान कॉफी पाजतात. कामात चुकलेल्याला कोण विचारतो? पुढची एकोणीस वर्षं त्याने गंजीच टिपल्या. निळा उजेड मागायला तो पुन्हा मालकाच्या दारात गेला नाही.

खरं एवढंच: मंडळी सॉनात असताना सायमीबाईंनी कीव येऊन कॅमेरा स्वयंपाकघरात चुलीशेजारी नेऊन ठेवला, वरून कोरडा पुसला, आणि मंडळी परतायच्या आत पुन्हा घसरगाडीवर नेऊन ठेवला.