पियानोच्या पोटातला बल्ब

बॅलार्ड पियरवरचा तो फोटो आमच्या पार्ल्याच्या घरात अजून भिंतीवर आहे. बासष्ट सालचा. गळ्यात दोन हार, हातात नारळ घेतलेली मी, शेजारी आई, बाबा, काका, आत्या आणि चाळीतले निम्मे शेजारी. फोटोत एक माणूस नाही, कारण फोटो त्याच माणसाने काढला. मला पियानो शिकवणारी अंधेरी गावठाणातली मिस फिलोमिना. बाबांनी कॅमेरा सरळ तिच्या हातात दिला. म्हणाले, "तुम्ही जरा काढता का? म्हणजे घरची सगळी माणसं येतील." तिने निमूट कॅमेरा डोळ्याला लावला. मला तेव्हा रागसुद्धा आला नाही, याचा आज जास्त राग येतो.

बोटीवर चढताना आई कानाशी लागली, "थंय कोणी इचारल्यानी तर शिकूक इलंय म्हणान सांग. पेटी वाजवूक इलंय म्हणा नको." लंडनला पियानो शिकायची माझी स्कॉलरशिप तिच्या लेखी पेटी वाजवण्याची होती.

आमच्या दीड खोलीत पियानो ठेवणार कुठे? दहा वर्षं मी शाळा सुटली की पार्ल्याहून चालत अंधेरीला जायची आणि मिसच्याच पियानोवर सराव करायची. आपली हवा दमट, पियानोच्या पट्ट्या फुगतात, दाबलेली पट्टी वर येत नाही. म्हणून जूनपासून दिवाळीपर्यंत मिस पियानोच्या पोटात उबेसाठी चाळीस वॅटचा बल्ब पेटता ठेवायची. गेल्या गेल्या खालची फळी काढून बल्ब चालू आहे ना बघायचं, मग हात धुवायचे, मग स्टुलावर बसायचं. हा आमचा नेम होता. माझा हात ताठ झाला की म्हणायची, "मनगट सोड, बाय. धुणं नाय बडवत तू."

लंडनला पहिल्याच महिन्यात माझ्या प्राध्यापकांनी माझं मनगट हातात धरून विचारलं, हे कुणी घडवलं? "मुंबईत," मी म्हणाले. शहराचं नाव सांगितलं, बाईचं नाही. पुढे रिसायटल झाले, माझ्या हाताखाली विद्यार्थी आले, हीटरवाला फ्लॅट आला. इकडे पियानोला बल्ब लागत नाही.

चौऱ्याहत्तरच्या ऑगस्टमध्ये पार्ल्यातल्या एका मंडळाने माझा सत्कार ठरवला. शाळेच्या हॉलमधला पियानो, जूनपासून कुणी झाकणही उघडलेलं नाही. वाट लागली, असं म्हणतच मी दुपारी तिथे पोचले. बघते तर खालची फळी काढलेली, आत बल्ब पेटलेला आणि समोर स्टुलावर मिस. केस पार पांढरे. शिपाई म्हणाला, "पियानोवाली बाई हाय. दोन दिस बसलीय." कुणी बोलावलं नव्हतं. बोर्डावर माझं नाव वाचून ती घरून बल्ब आणि वायर घेऊन आली होती. संध्याकाळी एकही पट्टी अडकली नाही.

पहिल्या रांगेत काका, डॉक्टर, नगरसेवक. मिस विंगेत, एका स्टुलावर. निवेदक माईकवर गरजला, "लंडनच्या थोर प्राध्यापकांची शिष्या, पार्ल्याची कन्या!" टाळ्या. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. कसंबसं वाजवलं आणि खाली उतरून कार्यवाहांना गाठलं. "जिने मला शिकवलं तिला विंगेत बसवता? लाज नाही वाटत?"

त्यांनी शांतपणे खिशातून एअरमेलचा कागद काढला. "ताई, हा परिचय तुम्हीच पाठवलात ना? दाखवा, यात बाईंचं नाव कुठे आहे."

नव्हतं. अक्षर माझंच होतं. प्राध्यापकांचं नाव होतं, कॉलेजचं होतं, लंडनच्या दोन हॉलची नावंही होती. बाबांनी एकदा तिला फोटोबाहेर ठेवलं, आणि मी शिकली-सवरलेली बाई, मी तेच केलं. विंगेत पाहिलं तर स्टूल रिकामं. बल्ब काढून घेऊन ती बस पकडायला गेली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावठाणात गेले, चालतच. दार उघडल्या उघडल्या ती म्हणाली, "शेवटचं पान धावत सुटलीस. भूक लागली व्हती काय?" मी माफी मागायला तोंड उघडलं, तर म्हणाली, "आधी बल्ब बघ." मी गुडघ्यावर बसून फळी काढली. बल्ब पेटलेला होता. तिथेच जमिनीवर बसून मी रडले. ती चहा टाकायला आत गेली.

तेव्हापासून माझ्या परिचयाची पहिली ओळ 'मिस फिलोमिना, अंधेरी' अशी असते. इकडे लंडनचे संयोजक ती खाली सरकवतात, प्राध्यापकांना वर घेतात. मी भांडून ती परत वर नेते. तुम्ही तिथे राहिलेले आणि माझ्यासारखे निघून आलेले, सगळेच जण आपल्याला घडवणाऱ्यांना फोटोबाहेर ठेवण्यात पटाईत आहोत. मीही होतेच.

भिंतीवरचा फोटो मात्र आता बदलता येत नाही. इकडे कुणी विचारतं, तुझं घर कुठलं? तेव्हा मला तोच आठवतो. घरची सगळी माणसं त्यात आहेत, आणि गळ्यात हार घातलेली मी त्यांच्यातल्या कुणाकडेच बघत नाही. कॅमेरा धरलेल्या बाईकडे बघून हसते आहे.