माठ डाव्या हाताला

अमरावतीत राजापेठेला आमचं घर आहे. उन्हाळ्यात आम्ही सगळे गच्चीवर झोपतो. माझ्या गादीच्या डावीकडे पाच पावलांवर माठ असतो. मी झोपेतच उठतो, चपला घालतो, पाणी पितो आणि परत येऊन पडतो. सकाळी काही म्हणता काही आठवत नाही. बायको कुरकुरते, "झोपेत फिरून राहता तुमी, एक दिवस पडान." मी ते हसण्यावारी न्यायचो.

गेल्या मे महिन्यात पौर्णिमेला पाणवठ्यावरचे प्राणी मोजायला मेळघाटात गेलो, तेव्हा मात्र हसू आलं नाही. मचाण दोन माणूस उंच, कठडा नाही. सोबतीला परतवाड्याकडचे एक वयस्कर वनमजूर, सगळे त्यांना काका म्हणायचे. सकाळपर्यंत खाली उतरायचं नाही, हा नियम. अंथरूण घातलं आणि पाहतो तर सवयीनं पाण्याची बाटली मी डावीकडेच ठेवली होती, अगदी शिडीच्या तोंडाशी. तिथे पाच पावलं नव्हती, दोनच होती. बाटली उचलून उजवीकडे घेतली, पण पायांची सवय कशी उचलणार?

काकांना सांगायला हवं होतं. पण असा माणूस जंगलात आलाच कशाला, असं ते म्हणतील, या लाजेनं गप्प बसलो. ठरवलं, झोपायचंच नाही. दिवस मावळता एक अस्वल पाणी पिऊन गेलं.

"झोपा भाऊ, पहिले मी जागतो," काका म्हणाले. तासाभराने गार वारा सुटला आणि माझा डोळा लागलाच.

जाग आली ती थेट उजेडात. इतकी गाढ झोप कित्येक महिन्यांत लागली नव्हती. पाय हलवला तर हलेना. काकांच्या खांद्यावरच्या दुपट्ट्याचं एक टोक माझ्या घोट्याला होतं, दुसरं त्यांच्या मनगटाला. मनगट लालबुंद झालं होतं.

"काहून बांधलं, काका?"

"तुमी उठून चालून राहिले होते. मले इचारता, माठ कुठं हाय? शिडीपाशी धरलं तुमाले."

"मंग मले उठवलं काहून नाही?"

"लय चांगली झोप लागली होती तुमाले."

मला रडूच येईल असं वाटलं. उगीच चपला शोधू लागलो. एक शिडीच्या तोंडाशी होती. दुसरी खाली चिखलात पडली होती, अस्वलाच्या ताज्या पावलांशेजारी.