राजाची उडी

पेपरात त्याचा फोटो आला की बाबा तेवढा भाग कात्रीने कापून ठेवतात. त्यांच्या आधी पेपर माझ्या हाती लागला, तर मी त्याच पानावर मेथी निवडायला बसते. खोटं कशाला बोलू, मुद्दामच बसते.

तो म्हणजे बाभुळगावातल्या आमच्याच गल्लीतला, माझ्याच वर्गातला मुलगा, आताचा ग्रँडमास्टर. त्याला आणि मला बुद्धिबळ शिकवलं ते माझ्या बाबांनी. बाबा गुरांच्या दवाखान्यात कंपाउंडर होते. दुपारी गर्दी ओसरली की ओट्यावर पट मांडायचे. त्यातला एक उंट हरवला होता, त्याच्या जागी औषधाच्या बाटलीचं बूच असायचं. त्या बुचाने मी त्याला कितीदा तरी मात दिलेली आहे. त्याच्या एकाही मुलाखतीत हे आलेलं नाही.

बाबांचं बुद्धिबळ देशी होतं. त्यात राजाला एक सवलत असते. तोवर शह बसला नसेल, तर पूर्ण डावात एकदाच तो घोड्यासारखा अडीच घरं उडी मारू शकतो. ही उडी शेवटपर्यंत राखून ठेवायची आणि समोरचा निर्धास्त झाला की मारायची, ही माझी खासियत. स्पर्धेच्या बुद्धिबळात असली उडी नाही, हे ओट्यावर कुणालाच ठाऊक नव्हतं.

बारा वर्षांचे असताना आम्ही दोघं बाबांबरोबर यवतमाळला जाऊन जिल्हा स्पर्धा खेळलो. शेवटच्या फेरीत समोरासमोर आलो. माझा राजा कोपऱ्यात सापडला होता. मी उडी मारली आणि पाचव्या चालीला त्याच्यावर मात केली. त्याने ओठ चावत निकालाच्या कागदावर सही केली. मी पहिली, तो दुसरा. पुढे राज्य स्पर्धेला दोघांनीही जायचं होतं.

राज्य स्पर्धेला बाबाच आम्हाला पुण्याला घेऊन गेले. तिसऱ्या फेरीत मी डाव जिंकत आले होते. मी राजा उचलला, उडी मारली आणि समोरच्या मुलीने हात वर केला. पंच म्हणाले, अशी चाल नसते, पण राजाला हात लावलाय, आता राजाच हलवा. हलवायला एकच घर होतं आणि तिथे मात होती. ती मुलगी तिच्या आईला विचारत होती, हे कुठल्या गावचं बुद्धिबळ गं? आजूबाजूचे हसले. मी डोळे पुसत बघितलं तर शेजारच्या पटावर आमच्या गल्लीतला मुलगा शिस्तीत राजा-हत्तीचा किल्लेकोट करत होता. तीन दिवसांत त्याने एकदाही उडी मारली नाही. म्हणजे ह्याला नियम माहीत होता, आणि मला सांगितला नाही. बाबा बाहेर आमचा डबा धरून उभे होते. मी रडत सगळं सांगितलं. ते एवढंच म्हणाले, "जाऊ दे, पोरी."

मी त्या दिवशी पट सोडला, आणि त्याच्याशी बोलणंही.

पुढे तो चढत गेला आणि मी जळत गेले. ग्रँडमास्टरपदाच्या वाटेवरच्या दर टप्प्याला, दर नॉर्मला, आमच्या घरी पेढे वाटले जायचे. मी ते खायचे नाही. तो परदेशात हॉटेलच्या खोलीत छोट्या कुकरमध्ये खिचडी लावतो, आठ-आठ तास बसून त्याची पाठ गेली, दोन वर्षं रेटिंग घसरत होतं तेव्हा त्याला झोप लागायची नाही, हे सगळं त्याची आई कौतुकाने सांगायची. मला त्या पाठदुखीचासुद्धा हेवा वाटायचा. माझी पाठ शाळेत फळ्यावर गणितं लिहून दुखते, तिची बातमी होत नाही.

गेल्या महिन्यात गावाने त्याचा सत्कार ठेवला. त्याने अट घातली की आधी काकांना, म्हणजे माझ्या बाबांना, शाल द्या. बाबा स्टेजवर उभे राहिले. त्याने वाकून पाय धरले. लोकांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या, दात आवळून. मला एकच गोष्ट त्याच्या तोंडून ऐकायची होती. 'मी लबाडी केली' असं त्याने कबूल केलं असतं, तर माझी इतक्या वर्षांची जळजळ वाया गेली नसती.

चहाच्या टेबलापाशी तो स्वतःच आला. "कशी आहेस? अजून रागच धरून बसली काय मायावर?"

भाषासुद्धा विसरला नव्हता मेला. नाहीतर तेवढ्यावरून तरी नावं ठेवता आली असती.

मी सरळ विचारलं, "उडी चालत नाही हे तुले पुण्याच्या आधी माहीत होतं ना? मले काहून नाही सांगितलं?"

त्याने कप खाली ठेवला. "यवतमाळले तुयाकडून हरलो न, तवाच पंचाले जाऊन इचारलं. थे म्हणे अशी उडी नाही, पण आता सही झाली. परत येताना येष्टीत तू खिडकीशी झोपली होती. मी काकाले सांगतलं. काका म्हणे, तू नको बोलू, मी सांगतो तिले." त्याने माझ्याकडे बघितलं. "त्याईनं नाही सांगतलं काय?"

मी म्हटलं, "सांगितलं असेल, मीच विसरले."

एवढं खोटं मी त्याच्यासाठी का बोलले, कोण जाणे. कदाचित त्याच्यासाठी नसेलही.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबा शाल नीट घडी करत बसले होते. मी माळ्यावरून पट काढला, सोंगट्या पुसल्या, बूच उंटाच्या जागी ठेवलं. त्यांचे डोळे लकाकले. "आज काय सूर्य पश्चिमेले उगवला?" म्हणाले आणि सरसावून बसले. जिल्हा जिंकून घरी आले, तेव्हा ह्याच माणसाने मला खांद्यावर घेऊन गल्लीभर फिरवलं होतं. येष्टीतून उतरल्याबरोबर. म्हणजे त्याने सांगितल्यावर.

खेळ तासभर चालला. मी घाई केली नाही. राजाला कोपऱ्यात जाऊ दिलं, बाबांना निर्धास्त होऊ दिलं. मग राजा उचलला आणि अडीच घरं उडवून ठेवला.

बाबा पटाकडे बघत राहिले. वर बघितलं नाही. मग त्यांनी माझा राजा उचलला आणि हळूच मागच्या घरात नेऊन ठेवला.

"थे चालत नाही, पोरी," ते म्हणाले.