वरच्या खोलीतला खोकला

टेपदादा म्हणजे दाराला कडी लावून पुन्हा दार ढकलून बघणारा माणूस. कोपऱ्यापर्यंत जायचा आणि परत यायचा, का, तर कडी बसली होती की नुसतं बसल्यासारखं वाटलं. त्याची आई म्हणायची, "हा पाळण्यातसुद्धा एक डोळा उघडा ठेवून झोपायचा." दुधात पाणी दिसलं तर दूधवाल्यावर संशय, नाही दिसलं तर जास्तच संशय. पण मनानं वाईट नव्हता हो. कुणाच्या अध्यात ना मध्यात.

घराच्या खालच्या खोलीत त्याचं दुकान. काम काय, तर लोकांच्या जुन्या कॅसेटी घ्यायच्या, बुरशी आली असेल तर कापसानं पुसायची, तुटली असेल तर बारीक पट्टी लावून सांधायची, आणि मग ते सगळं कॉम्प्युटरमध्ये उतरवायचं. त्यात घाई चालत नाही. कॅसेट जेवढी लांब, तेवढा वेळ ऐकत बसावं लागतं. कुणाच्या लग्नातली गडबड, कुणाचं बाळ बोबडं बोललेलं, कुणाचं भांडण चुकून भरलं गेलेलं. सगळं त्याच्या कानावरून जायचं, पण पोटातलं कधी ओठावर आलं नाही. म्हणून तर लोक लांबून यायचे.

वरच्या खोल्यांत धाकटा भाऊ आणि त्याची बायको. तिला घरात सगळे धाकटीच म्हणायचे. टेपदादाच्या बायकोचे गुडघे धरलेले, म्हणून सकाळी दुकान झाडायला धाकटीच उतरायची. दुकानाची दुसरी किल्ली तिच्याकडे असायची. कॅसेटींवरची धूळ पुसायची तरी एक कॅसेट जागची हलायची नाही, असा तिचा हात.

तर एकदा चष्मेवाल्या बाई आल्या. नवरा जाऊन बरेच दिवस झाले होते. ऑपरेशनला जायच्या आधी त्यानं बायकोसाठी एक कॅसेट बोलून ठेवली होती, ती आता घरघर करायला लागली होती. बाई म्हणाल्या, "तुम्ही ऐकणार, ते काम आहे तुमचं. पण दादा, हे षट्कर्णी होऊ देऊ नका."

"माझ्या दुकानातून आवाज बाहेर जात नाही," टेपदादा म्हणाला.

त्यानं जीव लावून काम केलं. आणि काही दिवसांनी, दुपारी जेवून मोरीत हात धूत होता, तेव्हा वरच्या खोलीतून कुणीतरी खोकलं.

धाकटा कामावर गेलेला. वर पुरुष माणूस कुठला? टेपदादानं नळ बंद केला. पुन्हा तोच खोकला, आणि मग आवाज, "तुला एक सांगायचं राहिलंच बघ." तेवढ्यात कुणीतरी बंद केलं.

हातातला टॉवेल तसाच राहिला. चष्मेवाल्या बाईंच्या नवऱ्याचा खोकला तो. हा माणूस बोलायच्या आधी दोनदा खोकतो, हे टेपदादाला पाठ झालेलं.

संध्याकाळी त्यानं धाकटीला जिन्यातच गाठलं. "ती दुकानाची किल्ली दे जरा."

"का हो, भाऊजी?"

"असू दे माझ्याकडे."

तिनं कमरेची काढून दिली. पुढे काही विचारलं नाही, नुसतं बघितलं. आता बघा, निर्दोष माणूस पुन्हा विचारतो की नाही? असं टेपदादाच्या मनात. आणि विचारलं असतं तर म्हणाला असता, चोराच्या उलट्या बोंबा. एकदा संशयाचा चष्मा चढला की हिरवळही शेवाळच दिसते.

रात्री बायकोला म्हणाला, "धाकटी माझ्या माघारी कॉम्प्युटरला हात लावते. कॉपी करून नेते."

"तिला मोबाइलमधला गजर बंद करता येत नाही," बायको म्हणाली. "कॉपी कुठली?"

"भोळेपणा आणतात लोक. मी धाकट्याला सांगणार आहे, दुसरीकडे बिऱ्हाड बघ."

"आधी पुरावा दाखवा. मग घर फोडा."

पुरावा मिळवायचाच म्हणून त्यानं दुकानाच्या दाराला केस चिकटवला. कॉम्प्युटरच्या माउसवर अंगाची पावडर भुरभुरली, म्हणजे चोराचं बोट उठेल. कुलूप लावून तो बाहेर जाऊन आला. येतो तर वर कुणाच्या तरी लग्नातली गडबड वाजतेय, तीही त्याच्याच दुकानातली. धावत दाराशी गेला. केस जिथल्या तिथे. आत पावडरही तशीच.

मग त्यानं बायकोकडे बघितलं.

"माझ्याकडे काय बघता?" ती म्हणाली. "आणि त्या माउसला पावडर कशाला? त्याला काय घामोळं आलंय?"

कुलूप शाबूत आणि चोरी चालू. म्हणजे चोर आतच आहे, असं त्यानं ठरवलं. दुपारभर कॉम्प्युटरमध्ये शोधत बसला. आणि सापडली एक जागा, जिथे त्यानं न ठेवलेल्या फायलींची अख्खी पलटण बसलेली. सगळ्यांवर दोन दातेरी चाकांचं चित्र. सगळ्यांचं आडनाव एकच, डीएलएल. गाणं नाही, फोटो नाही, उघडायला जावं तर उघडत नाहीत. वर कॉम्प्युटरच विचारतो, कशानं उघडू?

"बिनकामाचे, बिनबोलावलेले, आणि तोंड उघडत नाहीत," टेपदादा म्हणाला. त्यातल्या एकीच्या नावात शेअर असं लिहिलेलं. शेअर म्हणजे वाटणं, हे त्याला कळत होतं. कॉम्प्युटरनं विचारलं, खरंच पुसू का? त्यानं हो म्हटलं. पुन्हा विचारलं. हा पठ्ठ्या पुन्हा हो म्हणाला.

वर अजून चाललेली लग्नातली गडबड तिथल्या तिथे बंद झाली.

टेपदादा खुर्चीत टेकून बसला. पकडला एकदाचा चोर. पण जिन्यावर पावलं वाजली. किल्ली घेतल्यापासून धाकटी खाली उतरली नव्हती, ती दुकानाच्या उंबऱ्याशी येऊन थांबली. आत पाऊल टाकलं नाही.

"भाऊजी, किल्ली घेतलीत, मी बोलले नाही. आता आईंचा आवाजही घेतलात?"

"आईचा कुठला आवाज?"

"वरच्या टीव्हीवर रोज दुपारी बारीक करून लावते तो. त्या मला शेंगा सोलायला शिकवतात तो. तुम्हीच तर वर टेप चालू करून ठेवून खाली गेला होता."

टेपदादानं दुरुस्तीवालीला बोलावलं. गल्लीतले सगळे कॉम्प्युटर तीच बघायची. तिनं बघितलं आणि कपाळाला हात लावला.

"दादा, हे मीच बसवून दिलं होतं तुम्हाला. आई अंथरुणाला खिळल्या तेव्हा तुम्ही म्हणालात, खालची गाणी वर टीव्हीवर ऐकू जाऊ देत. आठवतं?"

"पण आई गेली."

"आई गेल्या. हे कुठे गेलं? ते चालूच आहे."

आईसाठी कॉम्प्युटरमध्ये एक कप्पा केला होता, त्याला नावही 'आई' असंच दिलेलं. त्यात टाकलं की वर टीव्हीवर दिसायचं. आई गेल्यावर तिचा भरलेला आवाज टेपदादानं त्यातच ठेवला, आणि त्याला वाटलं, ते वर ऐकू जायचं कामही तिच्याबरोबर संपलं. मग जी कॅसेट जास्त मोलाची, ती उतरवली की तो आईच्या कप्प्यात ठेवायला लागला. आईजवळ ठेवलेली वस्तू कधी हरवली आहे का? चष्मेवाल्या बाईंचीही तिथेच ठेवली. त्यानं त्या कप्प्यातलं कधी ऐकलं मात्र नाही. आईचा आवाज ऐकायची त्याची छाती नव्हती.

"आणि ही पुसली ती फाईल? ती चोर नाही?"

"ती शिडी आहे," दुरुस्तीवाली म्हणाली. "घरात एक शिडी असते ना, दिवा बदलायला तीच, माळ्यावर चढायला तीच. ती स्वतः काही करत नाही. ज्याला गरज लागते तो बोलावतो. या सगळ्या फायली तशाच. गाणी वाटणारी ही एक. शिडी कोणत्या खिडकीला लावायची, ते तुम्ही ठरवलंत."

धाकटी उंबऱ्यातूनच म्हणाली, "आईंचं संपलं की पुढचं आपोआप लागायचं. लग्नाचं लागलं तर वाजू द्यायची, घर भरल्यासारखं वाटायचं. एकदा कुणी गृहस्थ खोकले आणि बायकोशी बोलायला लागले. परक्याचं ऐकू नये, म्हणून मी बंद केलं. तुम्हाला सांगणार होते, पण तेवढ्यात तुम्ही किल्ली मागितलीत. मला वाटलं, आईंचा आवाज मी ऐकते ते तुम्हाला खपत नाही."

"परत बसवू का, की राहू दे?" दुरुस्तीवालीनं विचारलं.

टेपदादानं लोकांचं सगळं त्या कप्प्यातून काढून दुसरीकडे ठेवलं. आत फक्त आई उरली. मग म्हणाला, "बसव."

चष्मेवाल्या बाईंना जाऊन त्यानं स्वतः सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, कॅसेट मागून घेतली. पुन्हा काही त्या त्याच्या दुकानाची पायरी चढल्या नाहीत.

धाकटीसमोर किल्ली धरली. तिनं हात पुढे केला नाही.

"नको भाऊजी. उद्या काही वाजलं, की पुन्हा मीच."

"पुन्हा नाही म्हणणार."

"म्हणणार नाही. पण मनात येईल. मला तुमचा चेहरा वाचता येतो."

खोटं तरी काय बोलली? त्यानं ती किल्ली जिन्यातल्या खिळ्याला अडकवली. ती अजून तिथेच आहे. दुकान आता तो स्वतः झाडतो, आणि कॅसेटी जागच्या हलतात.

मात्र दुपारी वर आवाज सुरू झाला की तो जिन्याच्या मधल्या पायरीवर जाऊन बसतो. धाकटीला ते माहीत आहे. ती दार लोटून घेते, कडी लावत नाही. आतून आई सांगत असते, "शेंग अशी धर, धाकटे. नाही, अशी. आणि खाली बघून ये गं, त्यानं कडी लावली का. लावली असेल, तरी त्याला म्हण, लावली आहे."